चौकीतला तक्रार अर्ज आणि न्यायालयाचा हात

प्रश्न कोथरूडला राहणाऱ्या एका गृहस्थांचा आहे. वडील दोन वर्षांपूर्वी वारले. मागे एक फ्लॅट, बँकेतील काही रक्कम आणि आईचे दागिने राहिले. थोरल्या भावाने पोलीस चौकीत अर्ज दिला की, धाकट्याने वडिलांच्या हयातीत त्यांची खोटी सही करून खात्यातून ८ लाख रुपये काढले आणि जाब विचारायला गेल्यावर दमदाटी केली. चौकीतून या गृहस्थांना तीनदा फोन आला आणि एकदा व्हॉट्सॲपवर ‘उद्या सकाळी ११ वाजता हजर राहणे’ असा निरोप आला. उलट त्यांची स्वतःची तक्रार अशी की, भावाने बंद फ्लॅटचे कुलूप तोडून कपाटातले दागिने नेले आणि दाराला नवे कुलूप घातले. त्यावर पोलिसांनी नुसती एनसी, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नोंद, लिहून घेतली आणि ‘दिवाणी न्यायालयात दाद मागा’ असे सांगून वाटेला लावले. त्यांचे प्रश्न दोन आहेत. भावाच्या अर्जावरची चौकशी न्यायालयातून थांबवता येईल का, आणि आपल्या तक्रारीवर गुन्हा नोंदवून भावाला अटक करण्याचा आदेश न्यायालय पोलिसांना देईल का.

शिवाजीनगरच्या न्यायालयात मी सत्तावीस वर्षे फौजदारी काम करतो आहे, आणि हे दोन्ही प्रश्न एकाच अशिलाने एकाच बैठकीत विचारणे मला मुळीच नवे नाही. आपल्यावरच्या तक्रारीत न्यायालयाने पोलिसांचा हात धरावा आणि आपण केलेल्या तक्रारीत तोच हात पुढे लोटावा, ही अपेक्षा माणसाच्या स्वभावाला धरूनच आहे. कायदा मात्र दोन्ही भावांना एकच माप लावतो. म्हणून आधी थोडक्यात सांगतो: आज आपले प्रकरण ज्या टप्प्यावर आहे तेथे भावाच्या अर्जावरची चौकशी न्यायालय थांबवणार नाही. आपल्या तक्रारीवर गुन्हा नोंदवण्याचा आदेश मिळू शकतो, परंतु अमुक माणसाला अटक करा असा आदेश दंडाधिकारी पोलिसांना देत नाहीत. हे असे का, आणि यातून आपल्या हाती नेमके काय उरते, ते आता विस्ताराने पाहू.

पहिली गोष्ट, ‘चौकशी’ हा शब्द. फौजदारी प्रक्रियेच्या संहितेच्या भाषेत चौकशी करते ते न्यायालय. पोलीस करतात तो तपास, आणि तो सुरू होतो प्रथम खबर (एफआयआर) नोंदवल्यानंतर. आपल्याकडे ज्याला ‘अर्ज चौकशी’ म्हणतात, म्हणजे आवक क्रमांक पडलेला अर्ज एखाद्या हवालदाराकडे किंवा उपनिरीक्षकाकडे सोपवायचा, दोन्ही बाजूंना बोलावून जबाब घ्यायचे आणि मग गुन्हा दाखल करायचा की अर्ज दप्तरी लावायचा हे ठरवायचे, त्या प्रकाराला १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत स्वतंत्र जागाच नव्हती. ती प्रथा होती. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने १२ नोव्हेंबर २०१३ रोजी ललिता कुमारी प्रकरणात तिला मर्यादा घातल्या: माहितीवरून दखलपात्र गुन्हा, म्हणजे ज्याचा तपास पोलीस न्यायालयाच्या आदेशाशिवाय करू शकतात असा गुन्हा, उघड होत असेल तर प्रथम खबर नोंदवणे पोलिसांना बंधनकारक आहे; मात्र कौटुंबिक व वैवाहिक वाद, व्यापारी व्यवहार, वैद्यकीय निष्काळजीपणा, भ्रष्टाचार आणि तीन महिन्यांहून अधिक विलंबाने आलेल्या तक्रारी अशा काही प्रकारांत दखलपात्र गुन्हा दिसतो की नाही एवढेच पाहण्यापुरती प्राथमिक चौकशी करता येईल. तिची मुदत पुढे साधारणतः १५ दिवस, आणि अपवादात्मक प्रकरणी कारणे नोंदवून सहा आठवडे अशी ठरली. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने या चौकशीला कलम १७३(३) मध्ये प्रथमच कायद्याचे घर दिले: ज्या दखलपात्र गुन्ह्याला तीन वर्षे किंवा अधिक, पण सात वर्षांपेक्षा कमी शिक्षा आहे, तेथे उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याच्या परवानगीने प्राथमिक चौकशी करता येते आणि ती १४ दिवसांत संपवावी लागते.

आपल्या भावाने केलेले आरोप खोटी सही आणि फसवणूक यांचे आहेत, आणि त्यांतील काही कलमांची शिक्षा सात वर्षांपर्यंत किंवा त्याहूनही पुढे जाते, त्यामुळे १४ दिवसांची ही चौकट येथे सरळ बसत नाही. पोलीस ही अर्ज चौकशी ‘कौटुंबिक वाद’ आणि ‘विलंबाने दिलेली तक्रार’ या ललिता कुमारीतील अपवादांच्या आधारे करत असणार. हे बारकावे मी मुद्दाम सांगतो आहे, कारण चौकशी कोणत्या अधिकाराने चालू आहे आणि ती कधी संपायला हवी होती, हा प्रश्न लेखी विचारण्याचा हक्क आपल्याला आहे, आणि माझ्या अनुभवात चौकीला केलेल्या दहा फोनांपेक्षा असा एक लेखी प्रश्न जास्त काम करतो.

आता न्यायालय दूर का राहते ते पाहू. याचे मूळ आपल्या राज्यघटनेच्याही आधीचे आहे. १९४४ साली लाहोरहून गेलेल्या एका अपिलात प्रिव्ही कौन्सिलने सांगितले की, पोलीस आणि न्यायसंस्था यांची कामे परस्परपूरक आहेत, एकमेकांवर चढणारी नाहीत. तपास करणे हे पोलिसांचे वैधानिक काम आहे आणि न्यायालयाचे काम त्यांनी आरोप न्यायालयासमोर आणल्यावर सुरू होते. स्वतंत्र भारतात सर्वोच्च न्यायालयाने हीच रेषा पुढे ओढली. १९६७ मध्ये निर्णय झाला की, पोलिसांनी ‘खटला चालवण्यासारखे काही नाही’ असा अहवाल दिला तर दंडाधिकारी तो नाकारू शकतात, परंतु ‘दोषारोपपत्रच दाखल करा’ असे पोलिसांना सांगू शकत नाहीत, कारण तपासाअंती मत बनवणे हे तपास अधिकाऱ्याचे काम आहे. १९७० मध्ये निर्णय झाला की, चालू तपास थांबवण्याचा अधिकार दंडाधिकाऱ्यांना नाही. मात्र त्याच निकालात अशीही नोंद आहे की, पोलीस अधिकारी आपला अधिकार दुष्ट हेतूने वापरत असेल तर उच्च न्यायालयाचे दार राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उघडे आहे. कोणाची खुर्ची कोणी घेऊ नये एवढेच हे सूत्र आहे. आज जो दंडाधिकारी तपासात हात घालून मत देईल, त्याच न्यायसंस्थेपुढे उद्या त्याच तपासाचे कागद निवाड्यासाठी येणार असतात, हे लक्षात घेतले म्हणजे त्यातला शहाणपणा दिसतो. आरोपीच्या खुर्चीत बसलेल्या माणसाला तो पटवून देणे अवघड असते, हेही तितकेच खरे.

राहता राहिले उच्च न्यायालय. संहितेचे कलम ५२८ (जुने ४८२) आणि अनुच्छेद २२६ या दोन वाटांनी तेथे गुन्हा रद्द करण्याची मागणी करता येते. ती कधी मान्य होते याची सात उदाहरणे सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर १९९० च्या भजनलाल निकालात घालून दिली, आणि आजही वकील युक्तिवादाला उभा राहिला की न्यायमूर्तींचा पहिला प्रश्न हाच असतो की, तुमचे प्रकरण त्या सातांपैकी कोणत्या खणात बसते. ढोबळपणे सांगायचे तर, तक्रारीतील सर्व मजकूर शब्दशः खरा धरूनही गुन्हा होत नसेल, आरोप इतके असंभाव्य असतील की कोणताही समंजस माणूस त्यावर विसंबणार नाही, कायद्याचाच अडसर असेल, किंवा केवळ सूड उगवण्यासाठी कार्यवाही केलेली उघड दिसत असेल, तर न्यायालय हात घालते. ‘शब्दशः खरा धरूनही’ हे शब्द पुन्हा वाचावेत. आपल्या भावाचा अर्ज खरा धरला तर खोटी सही आणि पैसे काढणे हा गुन्हा होतोच. तो खोटा आहे हे आपल्याला ठाऊक असले तरी ते पुराव्याने ठरायचे आहे, आणि पुरावा तोलण्याचे काम उच्च न्यायालय या टप्प्यावर करत नाही.

शिवाय आपल्या प्रकरणात अजून गुन्हाच नोंदलेला नाही, मग रद्द काय करायचे? ‘माझ्यावर गुन्हा नोंदवू नका’ असा आगाऊ आदेश मागणारी याचिका बहुतेक वेळा ‘अकाली’ या एका शब्दावर निकालात निघते. एप्रिल २०२१ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्याच एका अंतरिम आदेशावरून उद्भवलेल्या निहारिका इन्फ्रास्ट्रक्चर प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने हे अधिक घट्ट केले: गुन्हा रद्द करण्याची याचिका प्रलंबित असताना ‘सक्तीची कारवाई करू नये’ असे सरधोपट आदेश कारणे न देता काढू नयेत, तपास सुरुवातीलाच खुडून टाकू नये, आणि अटकेची भीती असणाऱ्याने अटकपूर्व जामिनाची वाट धरावी. त्याआधी असे अंतरिम आदेश तुलनेने सहज मिळत आणि वकीलही त्यांवर अवलंबून राहत. ते दिवस आता गेले. कोल्हापूरला १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले असले तरी पुणे जिल्हा त्यात नाही, त्यामुळे आपल्याला मुंबईचीच वारी करावी लागेल. पुणेकर वकिलांची खंडपीठाची मागणी जुनी आहे, पण तो विषय येथे नको.

काही जण यावर नामी युक्ती सुचवतात की, दिवाणी न्यायालयातूनच भावाविरुद्ध मनाई हुकूम आणावा, म्हणजे तो पोलिसांकडे जाणारच नाही. ती चालत नाही. विनिर्दिष्ट साहाय्य अधिनियम १९६३ च्या कलम ४१(ड) मध्येच सांगितले आहे की, फौजदारी कार्यवाही सुरू करण्यापासून किंवा चालवण्यापासून कोणाला रोखण्यासाठी मनाई हुकूम देता येत नाही. ‘वाद दिवाणी स्वरूपाचा आहे’ हा बचावसुद्धा जपून वापरावा. पैशाच्या आणि वाटणीच्या वादाला फौजदारी रंग देण्याच्या वाढत्या प्रवृत्तीवर सर्वोच्च न्यायालयाने २००६ सालापासून वारंवार नापसंती दाखवली आहे हे खरे, पण त्याच निकालांत असेही म्हटले आहे की, एका घटनेतून दिवाणी हक्क आणि फौजदारी गुन्हा दोन्ही निपजू शकतात आणि दिवाणी उपाय उपलब्ध आहे एवढ्यावरून गुन्हा रद्द होत नाही. आणि लक्षात घ्या, आज आपण भावाच्या अर्जाला ‘हा दिवाणी वाद आहे’ असे उत्तर दिले, तर उद्या दागिन्यांच्या तक्रारीत तो तेच वाक्य आपल्यालाच ऐकवील.

तेव्हा न्यायालय नाही, तर काय? माझ्या मते आपले खरे रक्षण चौकीतल्या त्या टेबलापाशीच आहे. व्हॉट्सॲपवरच्या निरोपाने घाबरू नये. पोलिसांपुढे हजर राहण्याची संहितेच्या कलम ३५(३) ची नोटीस, म्हणजे जुन्या ४१अ ची, व्हॉट्सॲपसारख्या माध्यमातून बजावू नये असे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये स्पष्ट केले आहे. कलम १७९ खाली साक्षीदार म्हणून बोलावण्यासाठीही लेखी आदेश लागतो. त्या कलमात स्त्रिया, १५ वर्षांखालील व ६० वर्षांवरील पुरुष, आणि अपंग किंवा गंभीर आजारी व्यक्ती यांना त्यांच्या राहत्या जागेवाचून अन्यत्र हजर राहण्याची सक्ती करता येत नाही. आपल्या आईला ‘तुम्हीही या’ असा निरोप आला असेल तर तो अमान्य करण्यात काहीही गैर नाही. जबाब हवा असेल तर महिला कर्मचाऱ्यासह घरी यावे, असे लेखी कळवावे. मात्र आपण स्वतः ‘नोटीस नीट नाही’ म्हणून दडी मारून बसू नये. ‘गैरअर्जदार वारंवार बोलावूनही हजर राहिला नाही’ ही एक ओळ पुढे जामिनाच्या सुनावणीत फार महाग पडते. लेखी नोटिशीची मागणी करणारा, सोबत भावाच्या अर्जाची प्रत मागणारा आणि अमुक दिवशी हजर राहतो असे सांगणारा अर्ज द्यावा आणि त्याच्या दुसऱ्या प्रतीवर चौकीचा शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्यावा.

जबाबाविषयी मात्र मला थोडे थांबून बोलायचे आहे, कारण न्यायालयाच्या दारात धावणाऱ्या माणसाचे नुकसान बहुधा त्याआधीच झालेले असते. गुन्हा नोंदल्यानंतर तपासात पोलिसांनी लिहून घेतलेल्या जबाबावर जबाब देणाऱ्याची सही घेऊ नये, असे कलम १८१ (जुने १६२) सांगते, आणि त्या जबाबाचा वापरही अतिशय मर्यादित आहे. अर्ज चौकशीतील जबाबाला हे कवच नाही. तेथे शेवटी ‘माझा वरील जबाब माझे सांगणेप्रमाणे लिहिला असून तो मी वाचून पाहिला, बरोबर आहे’ असे लिहून सही घेतली जाते, आणि तो सहीचा कागद फाइलमध्ये राहतो. पोलिसांपुढील कबुली पुराव्यात येत नाही हे खरे, परंतु कबुलीपर्यंत न जाणारी विधाने वेगळी असतात. काही वर्षांपूर्वी माझ्याकडे आलेल्या एका दुकानदाराने हातउसन्या पैशांच्या तक्रारीत, चौकीतून लवकर सुटका व्हावी म्हणून, ‘मी सदरची रक्कम तीन महिन्यांत परत करीन’ असे अर्ध्या पानावर लिहून दिले होते. कर्ज मुदतबाह्य होण्याच्या बेतात होते. मुदत कायद्याच्या कलम १८ प्रमाणे मुदत संपण्यापूर्वी दिलेली सहीची लेखी पोच कर्जाची मुदत नव्याने सुरू करते, आणि ती पोच सावकारालाच उद्देशून असावी असेही नाही. पुढे दिवाणी दाव्यात ते अर्धे पान समोर आले. पोलिसांनी त्याच्यावर हात उगारला नव्हता की दरडावलेही नव्हते. त्यांनी फक्त ‘मिटवून टाका ना’ म्हटले होते. पोलीस हे वसुली अधिकारी नव्हेत, आणि चौकीत लिहून दिलेली हमी हा तडजोडीचा मार्ग नव्हे. तडजोड करायचीच तर वकिलाच्या टेबलावर, दोन्ही बाजूंच्या सह्यांनी करावी.

आपल्या बाबतीत याचा अर्थ असा की, तोंडी प्रश्नोत्तरांऐवजी आपले म्हणणे टंकलिखित करून न्यावे: खाते एकट्या वडिलांचे होते की संयुक्त, पैसे धनादेशाने काढले की पैसे काढण्याच्या स्लिपवर, ते कोणत्या तारखेला निघाले, आणि त्या सुमारास वडील रुग्णालयात असतील तर बिले कोणी भरली. कागदपत्रे नसतील तर ‘खातेउतारा मागवला आहे, मिळताच सादर करीन’ एवढेच लिहावे. कोऱ्या कागदावर वीस-वीस नमुना सह्या करून द्यायला सांगितले तर नम्रपणे नकार द्यावा. नमुना सही किंवा हस्ताक्षर देण्याचा आदेश काढण्याचा अधिकार कलम ३४९ खाली प्रथमवर्ग दंडाधिकाऱ्यांचा आहे, आणि तसा आदेश झाल्यावर तो पाळावाच लागतो. राज्य गुन्हे अन्वेषण विभागाचे दस्तऐवज तपासनीस पुण्यातच असले तरी त्यांच्याकडे कागद जाण्याआधी मूळ धनादेश आणि वडिलांच्या नमुना सहीचे बँकेतील कार्ड मिळवावे लागेल. तोपर्यंत सही खोटी की खरी याविषयी चौकीतल्या कोणाच्याही मताला किंमत नाही.

अटकेची धास्ती खरोखरच असेल तर शिवाजीनगरला सत्र न्यायालयात अटकपूर्व जामिनाचा अर्ज करता येतो, आणि त्यासाठी गुन्हा नोंदलेला असलाच पाहिजे असे नाही, हे घटनापीठाने १९८० सालीच सांगून ठेवले आहे. भीतीला मात्र काही ठोस आधार दाखवावा लागतो. फोनवर कोणी ‘आत टाकीन’ म्हटल्याचे नुसते सांगून भागत नाही. नुसत्या अर्ज चौकशीत सरकारी वकील उभे राहून ‘अद्याप गुन्हा दाखल नाही, अटकेचा प्रश्न नाही’ असे निवेदन करतात आणि अर्ज निकाली निघतो. कधी कधी न्यायालय गुन्हा दाखल झालाच तर अटकेपूर्वी आगाऊ नोटीस देण्याचे निर्देशही देते. माझा सल्ला असा की, आज हा अर्ज करू नये. कागद तयार ठेवावेत, आणि प्रथम खबर नोंदली गेल्याचे कळताच दुसऱ्या दिवशी दाखल करावा. संवेदनशील गुन्हे वगळता प्रथम खबर २४ तासांत पोलिसांच्या संकेतस्थळावर चढवावी, असा सर्वोच्च न्यायालयाचा २०१६ चा आदेश आहे, त्यामुळे ती रोज पाहता येते.

आता आपल्या तक्रारीकडे वळतो. एनसी म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नोंद. त्यात दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय पोलीस तपास करू शकत नाहीत. परंतु कुलूप तोडून राहत्या घरातून दागिने नेल्याचे आपण सांगितले असेल तर ती माहिती दखलपात्र गुन्ह्याची आहे, आणि तक्रारीतील अनेक गुन्ह्यांपैकी एक जरी दखलपात्र असला तरी सगळे प्रकरण दखलपात्र धरावे, असे कलम १७४ च म्हणते. म्हणून आधी एनसीची प्रत काढून तिच्यात दागिन्यांचा उल्लेख आहे की फक्त शिवीगाळीचा, हे पाहावे. पुष्कळदा आपण चौकीत अर्धा तास बोललेलो असतो आणि कागदावर उतरलेल्या असतात तीन ओळी. उल्लेख नसेल तर दागिन्यांची यादी, वजन, पावत्या किंवा लग्नातले फोटो, कुलूप तोडल्याची तारीख आणि सोसायटीच्या कॅमेऱ्याची माहिती यांसह नव्याने लेखी फिर्याद द्यावी. कॅमेऱ्याचे चित्रण थोड्याच दिवसांत पुसले जाते, म्हणून ते जपून ठेवण्याचे पत्र सोसायटीच्या सचिवाला आजच द्यावे.

ठाण्याने तरीही गुन्हा नोंदवला नाही तर कलम १७३(४) प्रमाणे वरिष्ठांकडे जावे लागते. पुण्यात आयुक्तालय असल्याने तो अर्ज परिमंडळाच्या पोलीस उपायुक्तांकडे द्यावा. ही पायरी गाळून चालत नाही. तेथेही काही झाले नाही तर प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे कलम १७५(३) खाली अर्ज करता येतो, जुन्या भाषेत ‘१५६(३) चा अर्ज’. शपथपत्राची अट २०१५ मध्ये प्रियंका श्रीवास्तव निकालाने आणली होती, ती आता कलमातच आहे. नव्या कलमात आणखी एक बदल असा की, आदेशापूर्वी दंडाधिकाऱ्यांनी आवश्यक ती चौकशी करावी आणि पोलीस अधिकाऱ्याचे म्हणणेही विचारात घ्यावे. महाराष्ट्रातूनच गेलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये बजावले की, हा आदेश यंत्रवत काढायचा नाही; गुन्ह्याचे घटक अर्जात दिसतात का आणि पोलीस तपासाची खरोखर गरज आहे का, हे पाहून काढायचा आहे. पुरावे सगळे आपल्याच हाती असतील तर न्यायालय म्हणते, कलम २२३ खाली खासगी, म्हणजे थेट न्यायालयातच केलेली, फिर्याद चालवा, पोलीस कशाला? आणि त्या वाटेत, नव्या संहितेप्रमाणे, दखल घेण्यापूर्वी आपल्या भावाला म्हणणे मांडण्याची संधी द्यावी लागते. म्हणून आपल्या अर्जात पोलिसांवाचून न होणारी कामे नेमकी लिहावीत: दागिन्यांचा शोध व जप्ती, कॅमेऱ्याचे चित्रण ताब्यात घेणे, सराफाकडे विक्री झाली असल्यास तेथील नोंदी. ‘भाऊ अत्यंत कपटी स्वभावाचा आहे’ अशी चार पाने लिहिलेले अर्ज मी पाहिले आहेत. त्या चार पानांत जप्त करण्याजोगी एकही वस्तू नसते.

गुन्हा नोंदल्यावर तपास रेंगाळला तर पुन्हा त्याच दंडाधिकाऱ्यांकडे जावे, थेट उच्च न्यायालयात नव्हे. तपास नीट होतो की नाही यावर लक्ष ठेवण्याचा अधिकार दंडाधिकाऱ्यांच्या या कलमातच अंतर्भूत आहे, असे सर्वोच्च न्यायालयाच्या साकिरी वासू निकालाने सांगितले आहे, आणि उच्च न्यायालयही आधी तेथे जाऊन या म्हणते. दंडाधिकारी प्रगतीचा अहवाल मागवू शकतात, दिरंगाईबद्दल विचारणा करू शकतात. तपास अधिकारी आपल्या पसंतीचा नेमून देणे, भावाला अटक करायला लावणे किंवा तपास केंद्रीय अन्वेषण विभागाकडे सोपवणे हे त्यांच्या हाती नाही. शेवटची गोष्ट उच्च व सर्वोच्च न्यायालयच करू शकते, आणि तीही अगदी क्वचित. अटक हा पोलिसांच्या विवेकाचा विषय आहे आणि सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यांत २०१४ च्या अर्नेशकुमार निकालानंतर त्यांना अटकेची कारणे लिहून ठेवावी लागतात. भावाला वाचवणारा हा निकाल उद्या आपल्यालाही वाचवू शकतो, म्हणून त्यावर फार चिडू नये. तपासाची प्रगती फिर्यादीला ९० दिवसांच्या आत कळवणे मात्र नव्या संहितेने पोलिसांवर बंधनकारक केले आहे.

तपासाच्या शेवटी न्यायालयाचे दार पुन्हा उघडते. महाराष्ट्रात पोलीस प्रकरण बंद करताना ‘समरी’ मागतात: गुन्हा खरा पण आरोपी सापडत नाही तर ए, तक्रार जाणूनबुजून खोटी असेल तर बी, आणि गैरसमजातून झालेली किंवा दिवाणी स्वरूपाची असेल तर सी. अहवाल मान्य करण्यापूर्वी फिर्यादीला नोटीस देऊन त्याचे म्हणणे ऐकावे लागते, हे १९८५ पासून ठरलेले आहे. आपल्या प्रकरणात सी समरीची शक्यता मला मोठी दिसते, कारण वारसांपैकी एकाने सामाईक दागिने नेले तर ती चोरी की वाटणीचा वाद, हा प्रश्न पोलिसांना पडणारच. दागिने आईच्या नावावरचे, आई हयात आणि फिर्यादही तिनेच दिलेली असेल तर चित्र बरेच बदलते, याचा विचार जरूर करावा. सी समरी आली तर विरोध अर्ज द्यावा. दंडाधिकारी पुढील तपासाचा आदेश देऊ शकतात किंवा पोलिसांचे मत बाजूला ठेवून उपलब्ध कागदांवरून स्वतः दखल घेऊ शकतात. १९६७ च्या निकालाने त्यांना जी सक्ती करता येत नाही, तिची गरजच येथे उरत नाही.

एक मुद्दा राहिला, आणि आपल्या प्रश्नात तो नसला तरी घाई त्याचीच आहे. भावाने दाराला घातलेले नवे कुलूप पोलीस काढून देणार नाहीत. फार तर दोघांनाही शांतता राखण्याची नोटीस देतील, जिला लोक अजून ‘१४९ ची नोटीस’ म्हणतात आणि जी आता कलम १६८ ची आहे. ताबा गेला असेल तर विनिर्दिष्ट साहाय्य अधिनियमाच्या कलम ६ खाली मालकीचा वाद बाजूला ठेवून ताबा परत मागण्याचा दावा करता येतो, परंतु तो ताबा गेल्यापासून सहा महिन्यांच्या आत लावावा लागतो. कुलूप कोणत्या तारखेला बदलले हे आपण लिहिलेले नाही. ती तारीख, एनसीची प्रत आणि फ्लॅटचे वीजबिल घेऊन आपल्या दिवाणी वकिलाकडे याच आठवड्यात जावे. चौकीतली तारीख त्यानंतरची घेतली तरी चालेल.